तिसऱ्या पाळीची खाट

निवृत्त झालेल्या माणसाला पुण्यात दोन गोष्टी चुकवता येत नाहीत. एक सकाळचं फिरणं आणि दुसरी सत्कार. शाल-श्रीफळ झालं, की सभागृहातलं एखादं चुणचुणीत पोरगं हात वर करतं आणि विचारतं, "सर, तुम्ही कामगारांच्या इतिहासाकडे कसे वळलात?" पूर्वी मी याला एक भारदस्त उत्तर द्यायचो. त्यात राजे-सरदारांच्या पलीकडचा इतिहास, तळातली माणसं, स्थलांतराची सामाजिक प्रक्रिया असं सगळं यायचं आणि लोक माना डोलवायचे. आता वय झालं. थापा मारायलाही दम लागतो. खरं उत्तर एवढंच, की मला रात्री झोपायला जागा नव्हती.

बार्शीकडच्या एका खेड्यातल्या प्राथमिक शिक्षकाचा मी मुलगा. बी.ए. झालो आणि इतिहासात एम.ए. करायला पुण्याला विद्यापीठात आलो. सत्तरचं दशक सरत आलं होतं. वसतिगृहात नंबर लागला नाही. सदाशिव पेठेत वडिलांच्या ओळखीचं एक घर होतं, तिथं गेलो. दारात चपला काढत होतो तेवढ्यात घरच्या काकांनी विचारलं, "परतीचं तिकीट काढूनच आलात ना?" म्हातारा वाईट नव्हता हो. त्यांनी मला ठेवून घेतलं आणि काकूंनी कधी ताटात कमी वाढलं नाही. पण रोज सकाळी वर्तमानपत्रातून डोकं वर न काढता ते विचारायचे, "मग? आज कुठल्या भागात जागा बघणार?" निदान रात्रीच्या जेवणाचा भार त्यांच्यावर नको, म्हणून मी विद्यापीठातून सुटलो की खडकी बाजारातल्या एका खाणावळीत जेवायला लागलो.

तिथं माझ्या बाकावर रोज एक माणूस बसायचा. तिशीचा, काटक, नखांत कायमची काळी कड. एके दिवशी भाकरी मोडता मोडता तो म्हणाला, "काय वो, म्होरं पुस्तक हुबं करून जेवताय, कालवण कंचं हाय ते तरी कळतं का?"

मी ताटात पाहिलं आणि म्हणालो, "वांगं."

"दोडका हाय," तो म्हणाला आणि खो खो हसला.

अशी आमची ओळख झाली. तो माणदेशातला, दुष्काळी मुलखातला. पिंपरीकडच्या एका कारखान्यात भट्टीवर कामाला. मी त्याला दादा म्हणायचो आणि तो मला मास्तर, कारण त्याच्या लेखी पुस्तक वाचणारा माणूस मास्तरच. काकांची तिकिटाची गोष्ट मी सांगितली, तेव्हा त्यानं ताकाचा पेला एका दमात संपवला. मग म्हणाला, "मी कायम तिसऱ्या पाळीला. रात्रीची माझी खाट मोकळीच पडलेली असती. बगा, चालत आसंल तर."

चालत असेल तर! माझ्या डोळ्यांपुढे काकांचं वर्तमानपत्र आलं आणि मी त्याच क्षणी हो म्हणालो. पडत्या फळाची आज्ञा म्हणतात ती हीच.

बाजाराच्या मागं एका पत्र्याच्या चाळीत ती खोली होती. खोली कुणा एकाची नव्हती, दादाच्या गावाची होती. त्या एका गावातून पुण्याला कामाला येणारा प्रत्येक जण आधी तिथं उतरायचा. लष्कराच्या लिलावात घेतलेल्या लोखंडी खाटा भिंतींना लावलेल्या, खाली ट्रंका आणि मधल्या जागेत जमिनीवर झोपणारे. खोली ज्याच्या नावावर होती त्या वयस्क माणसाला सगळे कारभारी म्हणायचे. तो रेल्वेच्या मालधक्क्यावर हमाली करायचा, सगळ्यात आधी गावातून आलेला तोच. त्यानं मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि विचारलं, "घोरतोस का?"

"नाही."

"मग ऱ्हा. पर एक ध्यानात ठेव. ही खाट तुझी न्हाय, ह्याची हाय. हा पर्मनंट झाला की म्हयन्याच्या आत खोली सोडणार. ह्याची खाट गावाकडनं येणाऱ्या फुडच्या माणसाला जाणार. तवा हा गेला की तूबी गेलास."

हा खोलीचा कायदा होता आणि त्याला अपवाद नव्हता. ज्याला नोकरीत कायम केलं, त्यानं स्वतःची जागा भाड्यानं घ्यायची, बायकापोरांना आणून बिऱ्हाड थाटायचं आणि खाट मोकळी करायची. गावात पोरं ट्रंका भरून बसलेली असायची. आजकालचे लोक 'नेटवर्क' म्हणतात ना, ते हेच. फक्त त्याला तेव्हा खाट म्हणायचे.

आता पर्मनंट होणं म्हणजे काय, ते सांगायला हवं. कारखाने माणूस घ्यायचे ते टेंपररी म्हणून. कायद्यानं कायम करायची वेळ यायच्या आत त्याला 'ब्रेक' द्यायचे, म्हणजे सरळ घरी पाठवायचे, आणि काही दिवसांनी पुन्हा टेंपररी म्हणूनच घ्यायचे. दादाचं हे कैक वर्षं चाललेलं. टेंपररी माणसाला कुणाला नको असलेली तिसरी पाळी, म्हणजे रात्रपाळी. आणि टेंपररी माणसाच्या पायात स्वतःच्या चपला. पर्मनंटला मात्र कंपनीचे बूट, पुढं लोखंडी वाटी असलेले, जाड कातड्याचे.

त्या बुटांना खोलीत जो मान होता तो मी कुठं पाहिलेला नाही. मी राहायला गेलो त्याच वर्षी एक जण पर्मनंट झाला. गुरुवार होता, पिंपरीकडच्या कारखान्यांची सुट्टी. त्यानं नवे कोरे बूट आणले, कारभाऱ्यानं ते कोनाड्यात गावच्या देवाच्या फोटोखाली ठेवले, त्यांना हळद-कुंकू लावलं आणि उंबऱ्यावर नारळ फोडला. मग मटणाचं कालवण आणि भाकरी. चामडं देवापुढं ठेवल्याचा धक्का मला बसला होता. मी हळूच तसं म्हणालो, तर कारभारी म्हणाला, "देवानंच दिल्यात, त्याला कशाचा इटाळ?"

आणि दुसऱ्या दिवसापासून तो नवा पर्मनंट लंगडायला लागला. जन्मभर चपला घातलेल्या पायांना ते बूट चावायचे. टाचेला हा मोठा फोड. मग हळद आणि खोबरेल लावून तो बसला, की सगळी खोली त्याची थट्टा करायची. "जावई लंगडायला लागले, आता आहेर काढा!" ज्याच्या टाचेला फोड, त्याचं नशीब उघडलं. त्या खोलीत माणसाच्या तोंडाकडे नंतर, आधी टाचेकडे बघायचे.

तर माझा मुक्काम असा दुसऱ्याच्या खाटेवर. आयत्या बिळावर नागोबा. मी तसं एकदा म्हणालो, तर दादा म्हणाला, "नागोबा कशाचा, तुम्ही तर सांच्याला येऊन सकाळी जाणारी कोंबडी." खाटेचे आमचे दोघांचे काही नियम होते. तो सकाळी यायच्या आत मी उठायचं. माझी सोलापुरी चादर घडी करून खाली, त्याची गोधडी वर. थंडीत मात्र त्यानं मला बजावून ठेवलं होतं, "मास्तर, उठल्यावर गादी झटकू नका. पांघरून ठेवा तशीच." भट्टीवरून घामेजलेला माणूस पहाटेच्या गारठ्यात सायकल मारत यायचा. मी ठेवलेल्या उबेत शिरायचा आणि तोंडावर गोधडी ओढून घ्यायचा. गोधडी त्याच्या बायकोनं शिवलेली, जुन्या लुगड्यांची. मी तिला तेव्हा पाहिलं नव्हतं, पण तिच्या लुगड्यांचे रंग मला पाठ होते.

गुरुवारी त्याला सुट्टी, म्हणून त्या रात्रीपुरता मी खाली जमिनीवर झोपायचो. मी विद्यापीठातून आलो, की संध्याकाळी तो मला घेऊन जागा बघायला निघायचा. पर्मनंट व्हायचा पत्ता नाही, आणि हा दापोडी, कासारवाडी, फुगेवाडीच्या चाळींतून घरमालकांना गाठायचा. भाडं किती हे तो शेवटी विचारायचा. पहिला प्रश्न एकच, "नळ आत हाय का भाईर?" त्याच्या गावात पाणी हाच सगळा धंदा. विहीर आटली की ओढ्यात झिरा खणायचा, वाटीवाटीनं हंडा भरायचा आणि तो डोक्यावर घेऊन चढ चढायचा. बायको हे करायची, कडेवर पोरगी घेऊन. "मला बाकी कायबी नको," तो म्हणायचा. "आतल्या नळाखाली तिचा हंडा लावायचा हाय. बास."

म्हणजे बघा कसं होतं. तो पर्मनंट झाला, की त्याच्या बायकोच्या डोक्यावरचा हंडा उतरणार. आणि तो पर्मनंट झाला, की मी रस्त्यावर. दुसऱ्या वर्षाची परीक्षा उन्हाळ्यात होती. त्या एका परीक्षेवर माझं सगळं अडलेलं, कारण बापानं निवृत्तीच्या आधी एकदाच काय ते जमवून मला पाठवलं होतं. नापास झालो असतो, तर पुन्हा पुणं दिसलं नसतं. मी देवाला कधी उघड म्हटलं नाही की याला उन्हाळ्यापर्यंत टेंपररी ठेव. पण त्याला पर्मनंट कर असं म्हणतानाही माझी जीभ अडखळायची. देव काय ते समजला असेल.

संक्रांतीच्या सुमाराला दादा लंगडायला लागला.

मी विचारलं, तर म्हणाला, "सायकलचं पायडल लागलं." दोन्ही टाचांना एकदम पायडल कसं लागतं, हा प्रश्न मला पडला नाही. इतिहासाचा विद्यार्थी! साधनांची चिकित्सा कशी करावी यावर माझा तेव्हा निबंध चालू होता. तो हळद-खोबरेल लावत बसला होता, पायात त्याच्या त्याच जुन्या चपला. कारभाऱ्यानं वाकून टाच पाहिली. कुणी जावई म्हटलं नाही, की आहेर म्हटलं नाही. कारभारी सरळ झाला, माझ्याकडे वळला आणि उगाचच खेकसला, "तू काय बघतोस? वाच की!"

मी वाचायला लागलो.

त्यानंतरचे महिने माझ्या आयुष्यातले सर्वांत सुखाचे होते, असं म्हटलं तर हसाल. पण खरंच. कारभाऱ्यानं कुठून तरी वायर आणली आणि छताचा दिवा माझ्या खाटेवर खाली ओढून घेतला. त्याला डालड्याच्या डब्याची टोपी केली, म्हणजे उजेड फक्त माझ्या पुस्तकावर पडावा आणि पहिल्या पाळीला जाणाऱ्यांना झोप लागावी. मी जेवायला विसरलो तर कुणी तरी भाकरीवर पिठलं घालून आणून द्यायचं. गावाकडून नवा माणूस खाटेसाठी विचारत होता, त्याला कारभारी निरोप धाडायचा, "अजून जागा न्हाय." हे मला ऐकू यायचं आणि मला वाटायचं, नसेल जागा. काखेत कळसा आणि गावाला वळसा. माझा तर कळसा अंगाखाली होता, मी त्याच्यावर झोपत होतो.

शेवटचा पेपर गुरुवारी आला. बरा गेला. चांगला गेला! मी गणेशखिंडीतून चालत, खिशातली पेनं वाजवत, शीळ घालत खडकीला आलो. चाळीच्या तोंडाशीच मटणाचा वास आला. मला वाटलं, माझ्या परीक्षेचा समारंभ आहे की काय. दारात गेलो. सगळी खोली हजर. कारभाऱ्यानं विचारलं, "सरले पेपर?"

"सरले."

"समदे?"

"समदे."

"मग काढ रं बाबा आता भाईर," तो दादाला म्हणाला.

दादानं खाटेखालून एक पिशवी ओढली. तिच्यातून बूट निघाले. कारभाऱ्यानं ते कोनाड्यात देवाखाली ठेवले आणि हळद-कुंकू लावलं. ते बूट नवे नव्हते. पुढच्या वाटीवरचं कातडं खरवडून पांढरं पडलं होतं, टाचा एका बाजूनं झिजल्या होत्या, नाडीला गाठी होत्या. आत्तापर्यंत त्या कोनाड्यात मी नवे कोरे बूटच पाहिले होते. मी त्या झिजलेल्या टाचांकडे बघत उभा राहिलो आणि मग मला पायडल आठवलं.

"कधीपासून?" मी विचारलं.

"संक्रांत," खोलीतलं कुणी तरी म्हणालं.

मग एकेक कळत गेलं. दादा बूट कारखान्याच्या फाटकावरल्या चहावाल्याकडे ठेवायचा आणि चपला घालून घरी यायचा. पर्मनंट झाल्यावर त्याच्या पाळ्या बदलायला हव्या होत्या, आठवड्याला एक. त्यातली पहिली आणि दुसरी पाळी तो दुसऱ्यांना देऊन टाकायचा आणि त्यांची तिसरी स्वतः घ्यायचा. रात्रपाळी मागून घेणारा पर्मनंट माणूस सुपरवायझरनं जन्मात पाहिला नव्हता, त्याला वाटलं याचं डोकं फिरलं. इतकी वर्षं रात्री जागून काढलेला तो माणूस, ज्याला अखेर रात्री झोपायचा हक्क मिळाला होता, तो मुकाट्यानं रोज सांजेला सायकल काढून जात राहिला, कारण रात्री त्या खाटेवर मी होतो.

"आणि नियम?" मी कारभाऱ्याला म्हणालो.

"नियम खोलीला कळल्यापासनं," तो म्हणाला. "खोलीला आज कळलं. मी काय कुणाची टाच बगितली न्हाय."

मी रडलो. आवंढा गिळला वगैरे नाही, सरळ रडलो, भोकाड पसरून. दादा एकदम गडबडला. "अवो मास्तर, कालवण निवतंय," तो म्हणत राहिला. मग सगळ्यांनी मला ओढून पंगतीत बसवलं आणि माझ्या ताटात इतकं वाढलं, की उठता येईना. दुसऱ्या दिवशी मी माझी ट्रंक उचलली, आणि गावाकडचा नवा माणूस त्याची ट्रंक घेऊन आला. आम्ही दारातच एकमेकांना वाट दिली. दादानं कासारवाडीला आत नळ असलेली खोली घेतली.

निकाल लागला तेव्हा मी पेढे घेऊन खडकीला गेलो. कारभाऱ्यानं पहिला पेढा देवाला ठेवला, दुसरा स्वतः खाल्ला. दादा नेमका तिथं आला होता, त्यानंही तिथंच खाल्ला. मला सोलापूरला नोकरी लागली होती, गाडीची घाई होती, मी गेलो.

पुढं मी आयुष्यभर कामगारांचा इतिहास लिहिला. वाघोलीच्या दगडखाणींतल्या माणसांना भेटलो, ऊसतोडीला येणाऱ्या टोळ्यांबरोबर फिरलो, दुष्काळात पुण्याला आलेली आणि परत न गेलेली घरं धुंडाळली. माझे सहकारी मजुरी विचारायचे, संप विचारायचे, युनियन विचारायचे. तेही विचारायलाच हवं. पण माझा पहिला प्रश्न ठरलेला. "शहरात आलात तेव्हा पहिल्यांदा झोपलात कुठं? कुणाच्या अंथरुणावर?" परिसंवादांत याची पुष्कळ टिंगल झाली. एका विद्वानानं याला 'खाटशास्त्र' म्हटलं. म्हणू दे. हा प्रश्न विचारला, की समोरचा माणूस आधी दचकायचा, मग हसायचा, आणि मग सांगायला लागायचा ते थांबायचाच नाही. कुणी आपली अर्धी सतरंजी दिलेली असायची, कुणी दुकानाची फळी. शहरं कशी वसतात ते मला या उत्तरांनी शिकवलं. माझ्या पहिल्या पुस्तकाच्या ऋणनिर्देशात मी दादाचं आणि कारभाऱ्याचं ऋण मांडलं, नंतरच्या पुस्तकांतही मांडत राहिलो, आणि मला वाटायचं की झालं, आपण विसरलो नाही.

निवृत्तीनंतर मला जुन्या कामगारांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करायचं सुचलं आणि पहिलं नाव दादाचं लिहिलं. तो आता मांजरीला राहतो. तिथला ऊस हटला आणि इमारती उठल्या, त्यांतल्या एकीच्या मागं त्याचं स्वतःचं दोन खोल्यांचं घर आहे. मुलगी सासरी, नातवंडं कॉलेजात. मध्ये आमची गाठ लग्नकार्यात पडायची, तीही उभ्या उभ्या. वहिनी तेव्हा स्वयंपाकाच्या गडबडीत असायच्या, डोक्यावरचा पदर सावरत "जेवून जा" एवढंच म्हणायच्या. या खेपेला मात्र मी निवांत बसलो, यंत्र सुरू केलं आणि रीतीप्रमाणं पहिला प्रश्न टाकला. दादा सांगत गेला. खोली, खाट, भट्टी. बुटांपर्यंत आला आणि लाजला.

"दादा," मी म्हणालो, "तुम्ही तेव्हा माझ्यासाठी जे केलंत..."

"मी एकट्यानं कुठं," तो म्हणाला आणि स्वयंपाकघराकडे हनुवटी उडवली. "मी हिला इचारलं व्हतं."

वहिनी चहाचे कप घेऊन आल्या होत्या. त्या खालीच बसल्या. मी यंत्र त्यांच्याकडे सरकवलं. इतक्या वर्षांत मी त्यांना एकही प्रश्न विचारला नव्हता. हजारो माणसांना विचारला, पण गावात राहिलेल्या त्या बाईला विचारावं, हे या इतिहासकाराच्या डोक्यात आलं नाही.

"म्हाशिवरात्रीला आलं व्हतं गावाकडं," वहिनी म्हणाल्या. "मला म्हनले, पर्मनंट झालो. मी लगीच भांडी बांदाया घेतली! तर हे डोकं खाजवाया लागले. म्हनले, एका पोराची परीक्षा हाय, उन्हाळाभर थांबू का? तू म्हनशील तसं. मला असा राग आला म्हनता! हिरीत चिखूल, झिऱ्यावर बाया भांडत्यात, पोरगी कडंवर रडती, आन् ह्यांला कुनाचं तरी पोरगं आठवतंय. बोललेच न्हाय मी ह्यांच्याशी. सांच्याला पान्याला गेले, हंडा भराया बसले. तितं मनात आलं, त्याची आईबी कुटंतरी अशीच वाट बगत आसंल, पोरगं कवा पास हुतंय म्हनून. पानी काय, आजवर वाह्यलं तसं वाहीन अजून. पर त्याचं ह्या वर्साचं गेलं तर परत येतंय व्हय? घरी आले आन् ह्यांला म्हनले, जावा. थांबा."

खोलीत यंत्राचा लाल दिवा तेवढा जळत होता.

"फकस्त एक म्हनलं व्हतं ह्यांला," वहिनी पुढं म्हणाल्या आणि नवऱ्याकडे डोळे मोठे करून पाहिलं. "पोरगं पास झालं की पयला पेढा माज्या हातावर ठिवायचा. माजा उन्हाळा गेलाय त्यात. तर ह्यांनी काय केलं? खोलीवर गेले, तितंच खाल्ला आन् मिशा पुसत घरी आले!"

"इसरलो व्हतो गं," दादा पुटपुटला. "किती वर्सं काढशील त्ये?"

"मरंस्तवर काढीन."

मी उठलो. "येतो," म्हणालो. दोघांना वाटलं मी निघालोच. यंत्र तिथंच सुरू राहिलं. मांजरीच्या रस्त्यावर एक मिठाईचं दुकान आहे. तिथून पेढे घेतले आणि धापा टाकत परत आलो. या वयात धापा टाकायला फार चालावं लागत नाही. वहिनी तशाच बसल्या होत्या. मी त्यांच्या पुढ्यात खाली बसलो, पेढा त्यांच्या हातावर ठेवला आणि पाया पडलो.

"वहिनी, मी पास झालो."

"आगं बाई!" त्या म्हणाल्या आणि तोंडावर पदर धरून हसायला लागल्या. मग डोळे पुसले. "कितवा नंबर आला?"

"पहिला वर्ग मिळाला."

त्यांनी पेढा निरखला, मधोमध मोडला आणि अर्धा दादापुढं धरला.

"ह्यांला साखर हाय, आख्खा न्हाय देत," त्या मला म्हणाल्या, आणि मग त्याला, "घ्या. अर्धा तुमचा. रात्रपाळ्या तुमच्या, पानी माजं."